आंब्याखालच्या सावलीत रानहळद लावावी का?

अंगणातली (सांगली): आमच्या घरामागे जुन्या आंब्याखाली ऊन जेमतेम दोन तास येते. तिथे मनीप्लँटखेरीज काही टिकणार नाही, असे सर्वांनी सांगूनही मी चार वर्षे रानहळद वाढवते आहे, आणि सावलीच्या जागेसाठी सह्याद्रीतले याहून योग्य कंदवर्गीय झाड मला दिसत नाही. या नावाने एकाहून अधिक जाती ओळखल्या जातात. माझी पिवळ्या फुलांची आहे, जिच्या कणसाच्या शेंड्यावर गुलाबी-जांभळा तुरा असतो. पावसाळ्याच्या आरंभी कणसे जमिनीलगत येतात, पुढे पानांच्या मधूनही येतात, आणि दिवाळीनंतर सारे झाड जमिनीत गडप होते.

काळी माती (सांगली): मत पटले नाही. सांगलीत वर्षाला ६०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, महाबळेश्वरात ५,००० मिलिमीटरहून अधिक. पण खरा फरक मातीचा आहे. ही वनस्पती उतारावरच्या, पालापाचोळ्याने भुसभुशीत झालेल्या मातीत वाढते, जिथे कितीही पाऊस झाला तरी पाणी थांबत नाही, तर आपली चिकण काळी माती उन्हाळ्यात भेगाळते आणि पावसात चिखल होऊन बसते. रोपवाटिकेतून आणलेले माझे सहाही गड्डे कुजले. शिवाय असे कौतुक वाचून कोणीतरी खुरपे आणि पिशवी घेऊन कासच्या वाटेला लागतो, ही भीती वेगळीच. हळदीच्या पेठेत राहून घरच्या हळदीचे पांढरे कणीस आपल्याला देखणे वाटू नये, याचे नवल वाटते.

साताऱ्याचा माळी: अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याशी आमच्या मुरमाड जमिनीत निचऱ्याची अडचण नाही, तरीही भिंतीलगतच्या दाट सावलीत नुसती पानेच आली. सावली म्हणजे अंधार नव्हे.

अंगणातली: निचऱ्याचा आक्षेप रास्त आहे, म्हणूनच मी फूटभर उंच वाफा करून त्यात पोयटा, वाळू आणि कुजलेला पाला मिसळला. मात्र गड्डे केवळ पावसाने कुजले असे मला वाटत नाही. पाने वाळल्यावर कंद झोपतो. त्या काळात शेजारच्या कुंड्यांबरोबर सवयीने यालाही पाणी दिले जाते, आणि ओल्या, गार मातीत निजलेला कंद सडतो. मी पाने पिवळी पडताच पाणी तोडते आणि वळवाची पहिली सर येईपर्यंत तिकडे पाइप वळवत नाही. जंगलातून उपटून आणण्याला माझाही विरोधच आहे. माझे कंद एका स्नेह्यांच्या बागेतले आहेत आणि वाढलेले गड्डे मी वाटते. साध्या हळदीचे म्हणाल, तर ती दर वर्षी काढून पुन्हा लावावी लागते; हिला मी चार वर्षांत हात लावलेला नाही.

काळी माती: फेब्रुवारीतही मी पाणी घालत होतो, हे मान्य करतो. काळ्या मातीविषयीचे मत मात्र कायम आहे, त्यामुळे जमिनीत न लावता फुटक्या माठात दोन गड्डे लावून पाहीन. देणार असाल तर पाने वाळल्यावर, मार्गशीर्षात येतो.