ह्यूस्टनची १९९४ आणि १९९५ ची जेतेपदं: "जॉर्डन नव्हता" ही तळटीप कधी पुसणार?

बायूकाठ

गेल्या रविवारी एका मित्राकडे जेवायला गेलो होतो. त्याचा पंचविशीतला मुलगा बास्केटबॉलचा चांगला जाणकार आहे. बोलता बोलता म्हणाला, "काका, रॉकेट्स दोनदा जिंकले खरे, पण तेव्हा जॉर्डन नव्हता ना." हे वाक्य मी तीस वर्षं ऐकतोय. आता एकदा या धाग्यावर सविस्तर लिहून टाकतो. ज्यांना पटणार नाही त्यांनी जरूर खोडून काढावं.

ज्यांना मागचं ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. शिकागो बुल्सनी १९९१, ९२ आणि ९३ अशी एनबीएची (अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगची) सलग तीन जेतेपदं घेतली. जुलै १९९३ मध्ये मायकेल जॉर्डनच्या वडिलांचा खून झाला आणि ऑक्टोबरात त्यानं निवृत्ती जाहीर केली. पुढची दोन जेतेपदं ह्यूस्टन रॉकेट्सची. मग ९६, ९७, ९८ पुन्हा बुल्स. शिकागोच्या दोन तिकड्यांमध्ये आम्ही ह्यूस्टनवाले अडकलेलो आहोत, आणि लोकांना वाटतं की घरधनी बाहेरगावी गेला म्हणून आम्ही आत शिरलो.

पहिली गोष्ट, १९९५ मध्ये जॉर्डन होता. १९ मार्चला तो इंडियानाविरुद्ध उतरला आणि २८ मार्चला न्यूयॉर्कमध्ये जाऊन त्यानं ५५ गुण काढले. प्लेऑफमध्ये, म्हणजे नियमित हंगामानंतरच्या बाद फेऱ्यांत, त्याची सरासरी ३१.५ गुणांची होती. तरी ऑर्लँडो मॅजिकनं शिकागोला ४-२ नं बाहेर काढलं, आणि त्याच ऑर्लँडोला फायनलमध्ये आम्ही ४-० नं हरवलं.

दुसरी गोष्ट, त्या वर्षीची आमची वाट बघा. आम्ही पश्चिम विभागात सहावे होतो, ४७ सामने जिंकून (पूर्व आणि पश्चिम विभागांचे विजेते फायनलला भिडतात). आधी युटा (६० विजय), मग फिनिक्स (५९), मग सॅन अँटोनिओ (६२), शेवटी ऑर्लँडो (५७). चारही मालिकांत घरच्या मैदानाचा फायदा समोरच्याला. सहाव्या क्रमांकावरून विजेता झालेला दुसरा संघ एनबीएच्या इतिहासात नाही. फिनिक्सविरुद्ध आम्ही १-३ नं मागे होतो. सातवा सामना त्यांच्याच गावात. सात सेकंद राहिली असताना आमच्या मारियो एलीनं डाव्या कोपऱ्यातून तीन गुणांचा फेक जाळीत टाकला. आम्ही तो सामना एका गुणानं जिंकलो.

आणि सॅन अँटोनिओ! त्यांच्या डेव्हिड रॉबिन्सनला त्या हंगामाचा सर्वोत्तम खेळाडू ठरवलं होतं. दुसऱ्या सामन्याआधी सगळ्यांदेखत त्याला करंडक दिला. आमचा सेंटर (बास्केटजवळ खेळणारा उंच खेळाडू) हकीम ओलाजुवॉन बाजूला उभा राहून ते बघत होता. त्या रात्री त्यानं ४१ गुण केले. पूर्ण मालिकेत त्याची सरासरी ३५ च्या वर गेली. त्यातली एक चाल मला अजून दिसते: बेसलाइनजवळ पाठमोरा उभा, एका खांद्याची हूल, रॉबिन्सन हवेत, मग उलट बाजूला वळण, पुन्हा हूल, आणि रॉबिन्सन खाली येईपर्यंत चेंडू जाळीत.

मी तेव्हा ह्यूस्टन विद्यापीठात शिकत होतो. हकीम आणि क्लाइड ड्रेक्सलर हे दोघेही त्याच विद्यापीठाचे. १९८३ च्या कॉलेज फायनलमध्ये शेवटच्या क्षणी दोघं हरले होते. फेब्रुवारी १९९५ मध्ये ओटिस थॉर्पला देऊन क्लाइडला पोर्टलंडहून परत आणलं, तेव्हा आमच्या कँपसवर लोक अक्षरशः रडले. तो महिना रमजानचा होता. हकीम दिवसभर पाणीसुद्धा न पिता संध्याकाळी खेळायचा, आणि त्या महिन्याचा सर्वोत्तम खेळाडूही तोच ठरला.

एवढं सगळं "तो नव्हता ना" या तीन शब्दांत संपवणं मला अन्याय वाटतो.

मिशिगनतीर

बायूकाठ, मनापासून लिहिलंय, आणि हकीमबद्दल माझं दुमत नाही. पण "१९९५ मध्ये जॉर्डन होता" हे मी मान्य करणार नाही.

दीड वर्ष बास्केटबॉलपासून लांब राहिलेला माणूस. त्यातला एक उन्हाळा बर्मिंगहॅममध्ये बेसबॉल खेळण्यात गेलेला. परत आल्यावर नियमित हंगामाचे फक्त १७ सामने. पाठीवर २३ ऐवजी ४५ आकडा. ऑर्लँडोविरुद्धच्या पहिल्या सामन्यात एका गुणाची आघाडी होती, काही सेकंद उरली होती, चेंडू जॉर्डनकडे होता, आणि ऑर्लँडोच्या निक अँडरसननं मागून येऊन तो उडवला. आधीच्या सात वर्षांत हे कधी बघितलं होतं का? मी त्या रात्री टीव्हीसमोर होतो. खोलीत कुणी काही बोललंच नाही, कारण जे दिसलं ते खरं वाटत नव्हतं. ५५ गुण एका रात्रीचे. थकलेले पाय प्लेऑफमध्ये चौथ्या क्वार्टरला कळतात.

शिवाय होरेस ग्रँट आम्हाला, म्हणजे बुल्सना, सोडून ऑर्लँडोलाच गेला होता, आणि आमच्याकडे डेनिस रॉडमन अजून आलेला नव्हता. मालिका संपल्यावर ऑर्लँडोच्या खेळाडूंनी ग्रँटला आमच्याच मैदानावर खांद्यावर घेतलं. पुढच्या वर्षी पूर्ण तयारीचा जॉर्डन आला तेव्हा बुल्सनी ७२ सामने जिंकले. दोन्ही वर्षांचा माणूस एकच, असं तुम्ही म्हणू शकता का?

आता १९९४. जॉर्डनशिवाय बुल्सनी ५५ सामने जिंकले. आदल्या वर्षी त्याच्यासह ५७ जिंकले होते. न्यूयॉर्कविरुद्धची मालिका सातव्या सामन्यापर्यंत गेली. पाचव्या सामन्यात दोन सेकंद उरली असताना आम्ही एका गुणानं पुढे होतो. आमच्या स्कॉटी पिपेनवर फाऊलची शिट्टी वाजली आणि तिथे मालिका फिरली. त्या संघात जॉर्डन धरा. मला तरी निकाल दुसरा दिसत नाही.

बायूकाठ

मग हकीमला कोण थांबवणार होतं ते सांगा. तुमचे सेंटर कार्टराइट? लाँगली? १९९०-९१ ते १९९२-९३, म्हणजे तुमच्या तीन जेतेपदांच्या हंगामांत, रॉकेट्स आणि बुल्स सहा वेळा भिडले. पाच वेळा आम्ही जिंकलो. जॉर्डन पूर्ण भरात, २३ आकडा पाठीवर.

मिशिगनतीर

तीन वर्षांत सहा सामने, तेही नियमित हंगामातले, चौथ्या दिवशी तिसरा सामना अशा वेळापत्रकातले. त्यावर फायनलचा निकाल मांडता येत नाही. न्यूयॉर्कचा युइंग, ऑर्लँडोचा ओनील या सेंटरांसमोरही आमच्याकडे कागदावर उत्तर नव्हतं. पण सात सामन्यांच्या मालिकेत आमचा प्रशिक्षक फिल जॅक्सन बहुतेक वेळा काहीतरी शोधून काढायचा.

सात नंबर गाडी

मी न्यूयॉर्कच्या क्वीन्समधली, न्यूयॉर्क निक्सची. या वादात आमचं नाव फक्त पायरीसारखं येतं: न्यूयॉर्कनं शिकागोला हरवलं, ह्यूस्टननं न्यूयॉर्कला. आमचंही ऐका.

जॉर्डननं आम्हाला ९१, ९२, ९३ तीनही वर्षी बाहेर काढलं. ९४ हे आमचं वर्ष होतं, पॅट्रिक युइंगचं. फायनल तर इतक्या घट्ट डिफेन्सची झाली की सातही सामन्यांत कुठल्याच संघाला शंभरी गाठता आली नाही. सहाव्या सामन्यात आम्ही ३-२ नं पुढे होतो. शेवटचे क्षण, आम्ही दोन गुणांनी मागे, चेंडू आमचा गार्ड (बाहेरून खेळणारा) जॉन स्टार्क्सच्या हातात. चौथ्या क्वार्टरमध्ये तो पेटला होता. तो तीनसाठी उठला आणि चेंडू जाळीत गेला असता तर करंडक आमचा होता. ओलाजुवॉन आपला माणूस सोडून बाहेर आला आणि त्याच्या बोटांची टोकं चेंडूला लागली. ८६-८४. सात फुटांचा सेंटर तीनच्या रेषेपर्यंत धावत येतो आणि गार्डचा फेक अडवतो, हे मी तोवर पाहिलं नव्हतं.

सातव्या सामन्यात स्टार्क्सचे १८ फेकांपैकी २ जाळीत गेले. तीनचे ११ पैकी एकही नाही. बाकावर रोलांडो ब्लॅकमन बसून होता, त्याला आमच्या प्रशिक्षक पॅट रायलीनं उतरवलंच नाही. माझे वडील त्यानंतर काही वर्षं स्टार्क्सचं नाव घरात काढू द्यायचे नाहीत.

मिशिगनतीर, "त्या संघात जॉर्डन धरा" असं म्हणताना आमचा विजय शिट्टीवर टाकू नका. सातवा सामना आम्ही दहा गुणांनी जिंकला होता. आणि ह्यूस्टननं आम्हाला हरवलं तेव्हा समोर रिकामी खुर्ची नव्हती, आम्ही होतो. युइंगपेक्षा ओलाजुवॉननं सातही सामन्यांत जास्त गुण केले. मला ते लिहितानाही त्रास होतो, पण ते तसं झालं.

गणितवेडी

मला दोन्ही बाजूंना एक विचारायचंय. ८२ सामन्यांच्या हंगामाला काही किंमत आहे की नाही?

१९९४ च्या जेतेपदाबद्दल माझी शंका नाही. सुरुवातच सलग १५ विजयांनी, एकूण ५८ विजय, आणि हकीमला एकाच हंगामात सर्वोत्तम खेळाडू, सर्वोत्तम डिफेन्स आणि फायनलचा मानकरी असे तिन्ही मान. जॉर्डन असो वा नसो, तो संघ वर्षभर वर होता.

१९९५ मात्र वेगळं. वर्षभर जो संघ ४७ च जिंकतो तो मे-जूनमध्ये पेटतो. त्याच वर्षी तीनची रेषा जवळ आणून सगळीकडे २२ फुटांवर ठेवली होती. हकीमच्या भोवती चार नेमबाज उभे करणाऱ्या संघाला त्याचा फायदा झालाच. फायनलच्या पहिल्या सामन्यात निक अँडरसननं शेवटच्या सेकंदांत ओळीनं चार फ्री थ्रो चुकवले, त्यातला एक जरी गेला असता तरी बहुधा तो सामना ऑर्लँडोचा. ह्यूस्टनच्या केनी स्मिथनं मग बरोबरी करणारा तीनचा टाकला. धागा ९५ वर जास्त अभिमान दाखवतो, मी उलट म्हणेन: ९४ हे खणखणीत, ९५ हे नशीबवान.

बायूकाठ

ताई, नशीब एका सामन्यात असतं. चार मालिकांत नाही. आणि ४७ या आकड्यामागेही बघा: फेब्रुवारीत अर्धा संघ बदलला, हंगामाच्या शेवटी हकीम रक्तातलं लोह कमी झाल्यानं काही सामने बाहेर होता, आमच्या मॅक्सवेलवर बंदी आली होती. प्लेऑफमध्ये उतरलेला संघ हा त्या ४७ वाला संघ नव्हता. रेषा तर सगळ्यांसाठीच जवळ आली होती.

सिएटलचा पाऊस

तुम्ही सगळे शिकागोकडे बघताय. तळटीप लावायचीच असेल तर ती आमच्या नावाची लावा.

१९९३ मध्ये जॉर्डन पूर्व विभागात होता, फायनलपर्यंत ह्यूस्टनच्या वाटेत कुठेच नव्हता. तरी ह्यूस्टन फायनलला गेलं नाही, कारण दुसऱ्या फेरीत सिएटल सुपरसॉनिक्सनी त्यांना सातव्या सामन्यात, जादा वेळेत हरवलं. १९९६ मध्ये पुन्हा भेटलो तेव्हा ४-० नं हरवलं. हकीमला चेंडू मिळूच नये म्हणून त्याच्या पुढ्यात एक जण उभा करायचा, मागून दुसरा धावायचा, आणि आमचे पेटन व मॅकमिलन बाकीच्या वाटा बंद करायचे. आमचा प्रशिक्षक जॉर्ज कार्लच्या या सापळ्याला ह्यूस्टनच्या प्रशिक्षक रूडी टॉमजानोविचकडे उत्तर नव्हतं.

मधली दोन वर्षं आम्ही पहिल्याच फेरीत पडलो. १९९४ मध्ये ६३ विजय मिळवून आठव्या क्रमांकाच्या डेन्व्हरकडून. डेन्व्हरचा डिकेम्बे मुटोम्बो चेंडू दोन्ही हातांनी डोक्यावर धरून जमिनीवर पडलाय, हसतोय, हे चित्र तुम्ही पाहिलं असेल. आमच्यासाठी ते चित्र म्हणजे हातातून गेलेलं एक जेतेपद आहे. १९९५ मध्ये लेकर्सनी पाडलं. ह्यूस्टनला दोन्ही वर्षी आमच्याशी खेळावंच लागलं नाही.

२००८ मध्ये तर आमचा संघच ओक्लाहोमा सिटीला गेला. ज्या शहराकडे हकीमचं उत्तर होतं त्या शहरात आज त्याबद्दल बोलायला फार माणसं उरली नाहीत. म्हणून लिहिलं.

मिशिगनतीर

हे मी कधीच असं जोडून पाहिलं नव्हतं. म्हणजे जॉर्डन खेळत असता तरी फायनलमध्ये ह्यूस्टन आलंच असतं, हेसुद्धा आपण गृहीतच धरतोय.

सात नंबर गाडी, शिट्टीबद्दल तुमचं मान्य. सातवा सामना आम्ही हरलो, ते लिहायला हवं होतं.

बायूकाठ

सिएटलचा पाऊस, १९९३ चा तो सामना मी विसरलेलो नाही, आणि तुम्हाला द्यायला माझ्याकडे उत्तर नाही. तीन गुणांनी हरलो होतो. चौघं जण एका खोलीत होतो, रात्री कुणीही जेवलं नाही. एवढंच म्हणेन की तुम्ही डेन्व्हरकडून हरलात, आणि ९४ च्या दुसऱ्या फेरीत फिनिक्सविरुद्ध आमच्यावरही तीच वेळ आली होती. पहिले दोन सामने घरी हरलो, दुसऱ्यात तर चौथ्या क्वार्टरमध्ये वीस गुणांची आघाडी घालवून. दुसऱ्या दिवशी इथल्या वर्तमानपत्रानं शहराला मोठ्या अक्षरांत "चोक सिटी" (ऐनवेळी कच खाणारं शहर) म्हटलं. ज्या गावाच्या अमेरिकन फुटबॉल संघानं आदल्याच वर्षी जानेवारीत बफेलोमध्ये ३५-३ अशी आघाडी घालवली होती त्या गावाला ते किती लागलं असेल बघा. आम्ही त्यातून बाहेर आलो, तुम्ही आला नाहीत. यात जॉर्डन कुठेच नाही.

मिशिगनतीर, ९४ वर तुम्ही ठाम राहणार हे दिसतंय. राहा. पण ९५ बद्दल त्या मुलाला मी काय सांगू?

मिशिगनतीर

सांगा की शिकागो ऑर्लँडोकडून हरलं. तो पूर्ण भरात नव्हता हे माझं म्हणणं मी सोडणार नाही. पण तो मैदानावर होता, ते खरं.