‘योल’ नेमका कोणाचा: यिल्माझ ग्युने यांचा की शेरीफ ग्योरेन यांचा?

सावकाश (धागाकर्ता)

१९८२ साली कान चित्रपट महोत्सवात ‘योल’ या तुर्की चित्रपटाला कोस्ता-गाव्रास यांच्या ‘मिसिंग’बरोबर पाम द’ऑर हे सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळाले. ते स्वीकारणाऱ्या यिल्माझ ग्युने यांनी त्यातले एकही दृश्य चित्रीकरणस्थळी उभे राहून घेतलेले नव्हते. पटकथा त्यांची, पण चित्रीकरण झाले तेव्हा ते तुर्कस्तानातल्या तुरुंगात होते आणि कॅमेऱ्यामागे होते शेरीफ ग्योरेन. तरीही चाळीस वर्षांनंतर ‘योल’ म्हटले की ग्युने यांचेच नाव निघते, आणि मला हा ग्योरेन यांच्यावर झालेला सरळ अन्याय वाटतो.

ज्यांना पार्श्वभूमी ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. ‘योल’ ही तुरुंगातून रजेवर सुटलेल्या पाच कैद्यांची गोष्ट. ग्युने १९३७ साली अदाना प्रांतात एका गरीब कुर्द कुटुंबात जन्मले. तुर्कस्तानच्या व्यावसायिक चित्रसृष्टीत, म्हणजे येशिलचाममध्ये, ते इतके लोकप्रिय नट झाले की लोक त्यांना ‘कुरूप राजा’ म्हणू लागले. १९७० च्या ‘उमुत’मध्ये (अर्थ: आशा) त्यांनी एका घोडागाडीवाल्याची भूमिका केली. त्याचा घोडा मोटारीखाली मरतो आणि शेवटी तो माणूस गाडलेल्या धनाच्या शोधात माळरान खणत बसतो. त्या चित्रपटाचे मोठेपण मी नाकारत नाही. माझा आक्षेप फक्त ‘योल’पुरता आहे.

बर्फातला प्रसंग आठवून पाहा. त्या कैद्यांपैकी सेयित अली बायकोला आणि मुलाला घेऊन हिमाच्छादित डोंगर ओलांडतो आहे, आणि थंडीने गळाठलेली बायको झोपेच्या, म्हणजेच मरणाच्या, स्वाधीन होऊ नये म्हणून तिला पट्ट्याने मारतो आहे. ते मारणे शिक्षेचे की वाचवण्याचे, हे त्यालाही धड कळत नाही. सेयित अली झालेल्या तारिक आकान यांच्या चेहऱ्यावरचा तो गोंधळ कागदावरून येत नाही. तो टिपायला कोणीतरी त्या बर्फात उभे असावे लागते.

अर्धविराम

पूर्णपणे असहमत. आपण दिग्दर्शन म्हणजे चित्रीकरण असे गृहीत धरले आहे, आणि सगळा घोटाळा तिथेच आहे.

‘योल’चे काम आधी एर्देन किराल यांच्याकडे होते. त्यांचे चित्रीकरण सुरूही झाले होते. ते ग्युने यांच्या मनास आले नाही, म्हणून त्यांनी तुरुंगातून ते थांबवले आणि काम ग्योरेन यांच्याकडे दिले. गजाआड बसून जो दिग्दर्शक बदलू शकतो त्याला केवळ पटकथाकार म्हणायचे काय? पुढे १९८१ मध्ये ग्युने तुरुंगातून रजेवर बाहेर पडले ते परतलेच नाहीत. (रजेवर सुटलेल्या पाच कैद्यांची गोष्ट लिहिणाऱ्याने असे करावे, हा योगायोग कोणत्याही पटकथेत खपला नसता.) स्वित्झर्लंडमध्ये एलिझाबेथ वेल्शली यांच्यासह त्यांनी संकलन केले. पाच कथा एकमेकींत कशा गुंफायच्या, कोणाला कुठे सोडायचे, हे संकलनाच्या टेबलावर ठरले. पडद्यावर उमटणारी ‘कुर्दिस्तान’ ही अक्षरेही तिथलीच, आणि १९८० च्या लष्करी उठावानंतरच्या तुर्कस्तानात राहून ती कोणी घालू शकले नसते. हा चित्रपट त्या देशात १९९९ पर्यंत दाखवता आला नाही, ही त्या अक्षरांचीही किंमत आहे.

मधली वाट

आपण दोघेही एक नाव टाळत आहात: सेफा मुत्लू. १९७४ साली अदानाजवळच्या युमुर्तालिक येथे या न्यायाधीशांचा गोळी लागून मृत्यू झाला आणि त्या खुनाबद्दल न्यायालयाने ग्युने यांना १९ वर्षांची शिक्षा दिली. त्याआधी १९६१ साली एका कथेतल्या साम्यवादी प्रचाराबद्दल आणि १९७२ मध्ये फरारी क्रांतिकारक विद्यार्थ्यांना आसरा दिल्याबद्दल त्यांना जो तुरुंगवास झाला, तो राजकीय होता. हा तिसरा नव्हता. युरोपात मात्र तिन्ही तुरुंगवास एकाच माळेत ओवले गेले, ‘कैदेतून चित्रपट घडवणारा बंडखोर’ ही प्रतिमा तयार झाली आणि त्या प्रतिमेच्या उजेडात ग्योरेन दिसेनासे झाले. श्रेयाच्या वादाचे मूळ मला इथे दिसते.

अर्धविराम

खुनाबद्दल आपले म्हणणे मान्य. त्या प्रकरणाला राजकीय मुलामा देणे चूकच. पण माणसाच्या गुन्ह्यावरून त्याच्या संकलनाचे मोजमाप करता येणार नाही.

सावकाश

किराल यांचे उदाहरण आपल्या बाजूचे वाटते, पण ते माझ्या कामाचे आहे. पटकथा तीच, तुरुंगातून येणाऱ्या सूचना त्याच, तरी एका दिग्दर्शकाच्या हातून जमले नाही आणि दुसऱ्याच्या हातून जमले. मग फरक कोणी पाडला? १९७४ साली ग्युने यांना अटक झाली तेव्हा कापूस वेचणाऱ्या मजुरांवरचा अर्धवट राहिलेला ‘एन्दिशे’ही ग्योरेन यांनीच पुरा केला होता. उलट बाजू पाहा: फ्रान्समध्ये सर्व स्वातंत्र्य असताना ग्युने यांनी स्वतः उभे राहून १९८३ मध्ये ‘दुवार’ केला. (हा शब्द आपल्या दिवाराचाच भाऊ.) तुरुंगातल्या मुलांवरचा तो चित्रपट तळमळीचा आहे, पण प्रत्येक प्रसंग ओरडून बोलतो. ‘योल’मधली शांतता त्यात कुठेही नाही. १९८४ च्या सप्टेंबरात पॅरिसमध्ये कर्करोगाने त्यांचे निधन झाले, त्यामुळे तो त्यांचा शेवटचा चित्रपट ठरला.

संकलनाबाबत मात्र मी माघार घेतो. पाच कथांची वीण ग्युने यांची आहे. म्हणून माझी मागणी एवढीच की दोन्ही नावे एकाच ओळीत, एकाच आकाराच्या अक्षरांत असावीत.

अर्धविराम

मग ‘स्युर्यु’चे काय करणार? मेंढ्यांचा कळप रेल्वेने अंकाराला नेणाऱ्या कुटुंबाचा तो चित्रपटही ग्युने यांनी तुरुंगातच लिहिला, दिग्दर्शन झेकी ओक्तेन यांचे, आणि १९७९ साली लोकार्नो चित्रपट महोत्सवात त्याला सुवर्ण बिबळ्या हे तिथले सर्वोच्च पारितोषिक मिळाले. तिथे संकलनाच्या टेबलावर ग्युने नव्हते. आपल्या नियमाने तो निखळ ओक्तेन यांचा ठरतो, आणि मला वाटते, तो तसा म्हणायला माझी हरकत नाही. ‘योल’बाबत मात्र आहे.