मदत हवी आहे: खोडकर 'बू द झां'ला मराठीत काय म्हणू?

मंडळी, आमच्या सोसायटीतल्या मुलांना सुट्टीत दर रविवारी जुने मूकपट दाखवतो. आता पाळी आहे पॅरिसच्या गोमाँ कंपनीसाठी लुई फयादने काढलेल्या छोट्या विनोदपटांची. १९१० मध्ये त्याने 'बेबे' नावाच्या पोराची मालिका सुरू केली. १९१२ मध्ये त्याच मालिकेतल्या एका चित्रपटात बेबे धाकटा भाऊ दत्तक घेतो, आणि तो भाऊ म्हणजे आमचा हा बू द झां. पुढे बेबे मागे पडला आणि याची स्वतंत्र मालिका निघाली. काम करणारा रने पोयेन तेव्हा जेमतेम चार वर्षांचा होता! १९१३ च्या एका चित्रपटात तर हा पठ्ठ्या चक्क हत्ती चोरतो. मोठ्या माणसाची टोपी, ढगळ कोट आणि मध्येच सरळ आपल्याकडे बघणं. त्या नजरेवर माझा फार जीव आहे.

अडचण नावाची आहे. 'झां' ही तिकडची ज्येष्ठमधाची काळी गोळी, म्हणून नावाचा अर्थ झाला ज्येष्ठमधाचा तुकडा. मूकपटात मध्ये मध्ये येणाऱ्या संवादांच्या पाट्या मी मोठ्याने मराठीत वाचून दाखवणार आहे, पण हे नाव हाक मारल्यासारखं वाटत नाही. 'छोटू', 'बंड्या' नकोत, त्यात ती गोळी हरवते.

दुसरं, माझ्याकडच्या एका प्रतीत सगळे धावतच सुटलेले दिसतात. मागच्या रविवारी एका चिमुरडीने विचारलं, "काका, यांना एवढी घाई कसली आहे?" विनोद निसटतोय हो. वेग कसा आवरायचा?

— — —

प्रतिसाद: आधी वेगाचं. ते चित्रपट साधारण सेकंदाला १६ ते १८ चौकटींनी (फ्रेम्सनी) चालवत, तुमची प्रत २४ ने धावतेय असं दिसतंय. व्हीएलसी या व्हिडिओ प्लेअरमध्ये वेग ०.७ च्या आसपास ठेवून बघा. पण प्रत्येक प्रतीला तो लावू नका, काहींत आधीच दुरुस्त केलेला असतो. रस्त्यावरून जाणारी माणसं नेहमीसारखी चालताना दिसली की जमलं.

नावासाठी 'आवळासुपारी' कसं वाटतं? काळी, एवढीशी, आणि तोंडात टाकली की डोळे मिचकावायला लावणारी.

— — —

धागाकर्ता: आवळासुपारी! "ए आवळासुपारी, हत्ती सोड!" मोठ्याने म्हणून बघितलं, घरातली दोघंही हसली. हेच ठेवतो. मनापासून आभार. आता फ्रेंच येणारं कुणी असेल तर हत्तीच्या चित्रपटातल्या पाट्यांवर एक नजर टाकाल का? मराठी मसुदा तयार आहे, शनिवारपर्यंत तपासून हवा आहे.