बुडापर्यंत गट्टू कुणी सांगितले?

माने काकू: कडुलिंबाच्या बुडापर्यंत सिमेंटचे गट्टू बसवायला कुणी सांगितलं? खोडाला सिमेंट लागलंय. आळं सोडायचं मीटिंगमध्ये ठरलं होतं ना?

देशमुख (अध्यक्ष): नमस्कार काकू. गुत्तेदाराला सांगितलं होतं. चिखल होतो म्हणून मागणी सगळ्यांचीच होती, हेही असू द्या.

माने काकू: सगळ्यांची म्हणजे कुणाची?

पाटील ए-१०३: पार्किंगच्या पट्ट्या कधी मारणार?

सय्यद भाई: काकूंचं खरंय. मुळाला हवा-पाणी नाही मिळालं तर झाड हळूहळू वाळत जातं. पावसाचं पाणी सगळं नालीत. २०१६ ला लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणलं, विसरलो का? आपला बोअर आत्ताच थांबून थांबून चालतोय.

गायकवाड: तेव्हा रांगेत घागरी घेऊन कोण होतं अन् कुणाच्या दारात टँकर यायचा, सगळं ध्यानात आहे 😀

देशमुख (अध्यक्ष): गायकवाड साहेब, तो विषय मिटलाय.

पाटील ए-१०३: पट्ट्या??

जोशी: त्या झाडावरचे कावळे माझी गाडी रोज रंगवतात. तोडूनच टाका एकदाचं.

सय्यद भाई: १९७५ चा वृक्ष कायदा आहे जोशी साहेब. महापालिकेची परवानगी लागते.

डॉ. कुलकर्णी: रॉजर उलरिच यांचा १९८४ चा अभ्यास आहे. पित्ताशयाचं ऑपरेशन झालेले पेशंट. ज्यांच्या खिडकीतून झाडं दिसायची ते लवकर घरी गेले, जालीम वेदनाशामकंही कमी लागली. बाकीच्यांना नुसती विटांची भिंत दिसायची.

गायकवाड: आम्हा सी विंगवाल्यांना भिंतच दिसते डॉक्टर. मेंटेनन्समध्ये सूट द्या 🙏

माने काकू: हसण्यावारी नेऊ नका. आमचे मामंजी गुडघ्याच्या ऑपरेशननंतर सकाळ-संध्याकाळ तिथंच बसतात. मे महिन्यात दुपारी त्या गट्टूवर अनवाणी उभं राहून दाखवा कुणी.

सय्यद भाई: रात्रीपण वाफ मारतात. तळमजल्यावाल्यांना विचारा. दिल्लीत हरित लवादानं झाडाभोवती मीटरभर सिमेंट काढायला लावलं होतं, तेवढं तरी करा.

देशमुख (अध्यक्ष): करू. पण काढायची मजुरी गुत्तेदार वेगळी मागतोय.

जोशी: आमच्या वर्गणीतून नको.

गायकवाड: कोणती वर्गणी? मार्चपासूनची?

जोशी: हे ग्रुपवर कामून?? पर्सनलवर बोला.

पाटील ए-१०३: गुत्तेदार येणारच आहे तर पट्ट्या पण सांगा त्याला.

देशमुख (अध्यक्ष): उद्या ११ ला येतोय. काकू, खाली या, किती काढायचे ते तुम्हीच दाखवा. जोशी साहेब, गाडी तेवढी हलवा.