मदत हवी आहे: इंग्लंडातला कॅट फ्लॅप, दोन मांजरं आणि एक परका बोका

नमस्कार मंडळी,

इंग्लंडात मांजरं पाळणाऱ्यांकडून सल्ला हवाय. आम्ही रेडिंगला राहतो. घर घेतलं तेव्हापासून स्वयंपाकघराच्या मागच्या दाराला खाली कॅट फ्लॅप, म्हणजे मांजरांना ये-जा करायची झडप आहे, ढकलला की उघडणारा, अगदी साधा.

बंड्या इथलाच. त्याची नसबंदी झालीय, दिवसभर आत-बाहेर चालू असतं. चिमी पुण्याहून आणलेली. आता म्हातारी झालीय, किडन्या अधू आहेत, दिसतंही कमी. तिला बाहेर सोडू नका असं व्हेटने बजावलंय. इतके दिवस ती फ्लॅपकडे ढुंकूनही बघत नव्हती, आता मात्र नाकाने झडप हलवून बघायला लागलीय.

त्यात भर म्हणजे गल्लीतला एक पिवळा बोका. रात्री फ्लॅपमधून येतो, चिमीचं किडनीचं महागडं खाणं फस्त करतो आणि जाताना वॉशिंग मशीनवर फवारा मारून जातो. तो वास ज्याने घेतलाय त्यालाच कळेल!

शेजारीण म्हणते चुंबकाच्या पट्ट्यावर उघडणारा फ्लॅप लाव. पण बंड्या गळ्यात काही टिकू देत नाही. म्हणून मांजराच्या कातडीखाली बसवलेल्या चिपवर चालणारा घ्यावा म्हणतेय. चिमीची पुण्यात बसवलेली चिप इथलं यंत्र वाचेल का? एकाला सोडून दुसरीला अडवता येतं का? शिवाय नवऱ्याला फ्लॅप हॉलच्या काचेच्या दारात हवाय, स्वयंपाकघरात गार वारा येतो म्हणून. काचेला भोक पाडून मिळतं का?

आई आलीय इथे. तिचं म्हणणं, "सांगलीला मांजरं कौलांवरून यायची-जायची, कुणी दार करून दिलं होतं?"

टेम्सकाठी:
चिप वाचेल. भारतातून मांजर आणताना रेबीजच्या लशीआधी १५ अंकी आयएसओ (आंतरराष्ट्रीय मानकाची) चिप बसवावी लागते, इथले फ्लॅप तीच वाचतात. चिपमध्ये बॅटरी नसते. मांजराने बोगद्यात मान घातली की फ्लॅपमधल्या तारेच्या वेटोळ्यातून तिला ऊर्जा मिळते आणि नंबर वाचला जातो. चिप दोन खांद्यांच्या मध्ये असते, त्यामुळे नुसतं नाक लावून कडी सुटत नाही. माझी मांजर सुरुवातीला कपाळ टेकून बसायची आणि वैतागून परत जायची. आतून खाऊ दाखवत राहा, शिकतात.

जाता जाता: १० जून २०२४ पासून इंग्लंडात २० आठवड्यांवरच्या पाळीव मांजराला चिप सक्तीची आहे. नोंदही इथल्या मान्य डेटाबेसवर लागते, भारतातली चालत नाही. चिमीची केलीय ना? दंड ५०० पौंडांपर्यंत आहे.

बोकोबा:
घाईत साधा चिप फ्लॅप घेऊ नका. तो फक्त आत येणाऱ्याची चिप तपासतो, बाहेर जायला सगळ्यांना रान मोकळं. पिवळा अडेल, पण चिमी खुशाल निघून जाईल. तुम्हाला दोन्ही बाजूंनी चिप वाचणारा हवा. त्यात चिमीचं बाहेर जाणं बंद ठेवायचं. चुकून निसटलीच तर आत येता येतं. तरी बंड्याच्या पाठोपाठ ती उघड्या झडपेतून सटकू शकते, तेवढं लक्ष ठेवा.

सुताराचा नातू:
काचेचा नाद सोडा. दाराची काच टफन्ड (कडक केलेली) असते, नंतर भोक पाडायला गेलात तर चुरा होईल. भोकासकट अख्खं दुहेरी काचेचं युनिट नवीन बनवून घ्यावं लागतं. स्वयंपाकघराच्या दारात आयतं भोक आहे, तिथेच बसवा. आधी त्याचं माप घ्या आणि पॅनेलच्या आत धातूचा पत्रा नाही ना ते बघा, त्याने चिप वाचायला अडथळा येतो. वाऱ्याचं म्हणाल तर फ्रेमच्या कडेने नीट सीलंट भरा, निम्मा वारा तिथूनच येतो.

धागाकर्ती:
सगळ्यांचे आभार! चिमीची इथली नोंद आहे. दोन्ही बाजूंनी वाचणाराच मागवते. काचेचा भाव ऐकून नवरा गप्प झालाय. आता त्या वासाचं काय करू? ब्लीच मारून झालं.

टेम्सकाठी:
ब्लीच नको, बोका परत तिथेच येईल. कपड्यांची बायोलॉजिकल (एन्झाइमवाली) पावडर कोमट पाण्यात कालवून पुसा, पाण्याने धुवा, मग सर्जिकल स्पिरिट. आणि तो हाताला लागत असेल तर गळ्यात कागदी पट्टी घाला, "मांजर तुमचं असेल तर फोन करा" असं लिहून. फोन आला नाही तर कॅट्स प्रोटेक्शन या मांजरांच्या संस्थेच्या जवळच्या शाखेला कळवा. नसबंदी झाली की फवारे बरेच कमी होतात.