घर आधी जातं, सुनावणी नंतर होते. हे तुम्हाला पटतं?

उंबरठा:
मावसभावाचा धंदा बसला, गृहकर्जाचे हप्ते थकले. ९० दिवसांनी खातं एनपीए, म्हणजे थकीत, मग बँकेला कोर्टाविना गहाण घर विकू देणाऱ्या सरफेसी कायद्याच्या कलम १३(२)ची ६० दिवसांची नोटीस, आणि मग दारावर ताब्याचा कागद. तोवर एकाही न्यायाधीशाने त्याचं म्हणणं ऐकलेलं नव्हतं. कलम ३४मुळे दिवाणी कोर्टात जाता येत नाही. राहतं डीआरटी, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरण. तिथे हरलात तर अपिलासाठी आधी थकबाकीची निम्मी रक्कम भरायची, फार तर ती पाव होते. हप्ता भरायला पैसे नाहीत म्हणून तर घर चाललंय, मग निम्मी रक्कम आणायची कुठून? २००४ साली मार्डिया केमिकल्सच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने डीआरटीत जाण्याआधी ७५ टक्के भरण्याची अट रद्द केली होती. अपिलाला वेगळा न्याय का?

जुना वसुलीवाला:
कारण त्या निकालातच आहे. डीआरटीतला अर्ज म्हणजे कर्जदाराची पहिलीच दाद, म्हणून तिथे ती अट जाचक ठरली. अपील ही दुसरी पायरी. भावाबद्दल वाईट वाटतं, पण त्या ६० दिवसांत त्याने काय केलं? लेखी आक्षेप दिला असता तर १५ दिवसांत कारणांसह उत्तर देणं संस्थेवर बंधनकारक होतं. ताब्याच्या कारवाईनंतरही डीआरटीत जायला ४५ दिवस असतात. माझ्या नोकरीत मी पाहिलंय, लोक लिलावाची जाहिरात पेपरात आल्यावर जागे होतात आणि थेट हायकोर्टात रिट टाकतात. २०१०च्या सत्यवती टंडन निकालाने उच्च न्यायालयांना नेमकं याच बाबतीत सावध केलंय. अडकलेला पैसा शेवटी ठेवीदारांचाच असतो.

उंबरठा:
आक्षेप दिला नाही, हे खरं. तसा हक्क आहे हेच त्याला माहीत नव्हतं.

सनद:
मी डीआरटीत कर्जदारांच्या बाजूने उभी राहते. अपिलाच्या रकमेवर तुम्ही दोघं भांडताय, पण माझ्याकडे येणाऱ्या बहुतेकांची गाडी तिथवर पोचतच नाही. खरा घाव २०१६च्या दुरुस्तीचा आहे. पूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत सगळी थकबाकी भरून घर सोडवता यायचं. आता लिलावाची जाहिरात निघाली की कलम १३(८)चा तो हक्क संपतो, आणि २०२३च्या सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स निकालाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. म्हणजे जाहिरात वाचून भाऊबंद पैसे गोळा करतात, तेव्हा वेळ गेलेली असते. वसुलीवाले साहेब, 'उशिरा जागे होतात' म्हणताना हेही सांगा, की पैसे घेऊन आलेल्या माणसालाही कायदा आता परत पाठवू शकतो.

जुना वसुलीवाला:
मान्य, ते कठोर आहे. पण बोली लावणाऱ्याचाही विचार करा. शेवटच्या क्षणी कर्जदार येऊन लिलाव मोडू शकत असेल, तर योग्य भाव देईल कोण? भाव पडला की कर्जदाराचीच उरलेली थकबाकी वाढते.

उंबरठा:
भाव चांगला यावा म्हणून राहत्या माणसाचं घर सोडवण्याचा हक्क काढायचा? हे मला पटत नाही. सनदताई, भावाच्या लिलावाची जाहिरात अजून निघालेली नाही. ताब्याला आज ३१ दिवस झाले. अर्ज करायला उरलेले १४ दिवस पुरतील का?

सनद:
पुरतील. नोटीस, तिचं पाकीट आणि कर्जखात्याचा उतारा घेऊन उद्याच वकील गाठा. नोटीस कोणत्या पत्त्यावर गेली, ते आधी तपासा.