कथेतला 'कालभ्रंश' जीवघेणा कसा दाखवावा? वैद्यकीय आणि मांडणीची मदत हवी

रानवारा
दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहितेय, साधारण चार हजार शब्दांची. नायिका ५४ वर्षांची, नागपुरात खानावळ चालवते, मधुमेही आहे, इन्सुलिन घेते. तिला एक काल्पनिक आजार जडतो. नाव सध्या 'कालभ्रंश' ठेवलंय. आठवणी शाबूत, पण त्यांचा क्रम गेलेला. आधी काय, नंतर काय, कळत नाही. आजार जिवावर बेतायला हवा, पण 'मेंदूवर ताण येऊन हृदय थांबलं' असला शेवट नको. धोका नेमका कुठून येईल? आणि वाचक हरवू नये म्हणून मांडणी कशी ठेवू?

लहान_मेंदू
हृदय बाजूलाच ठेवा. ठोके हृदयातल्या सायनस गाठीतून येतात, श्वास मेंदूच्या देठातून चालतो. आज बुधवार आहे की गुरुवार याच्याशी त्यांना कर्तव्य नाही.

मेंदूत वेळेचं एकच घड्याळ नसतं. दिवस-रात्रीचं चक्र हायपोथॅलॅमसमधला सुमारे २०,००० पेशींचा पुंजका सांभाळतो. सेकंद-मिनिटांचा अंदाज बराचसा बेसल गँगलियातून येतो, हालचालींमधली बारीक अंतरं लहान मेंदू जुळवतो, आणि घटनांचा क्रम लावायला हिप्पोकॅम्पस व कपाळामागचा भाग लागतो. बाईंचं फक्त हे शेवटचं बिघडवा. सगळंच बिघडवलंत तर त्यांना धड चालता येणार नाही आणि कथा दुसऱ्या पानावर खाटेवर संपेल.

आधाराला एच. एम. या प्रसिद्ध रुग्णाची केस वाचा. १९५३ साली अपस्मारासाठी त्याच्या दोन्ही बाजूंचा हिप्पोकॅम्पसचा मोठा भाग काढला. पुढे केलेल्या चाचणीत वीसेक सेकंदांपर्यंतचा अंदाज त्याला ठीक यायचा, त्यापलीकडचा काळ मात्र खूपच कमी वाटायचा. जेवण झाल्यावर लगेच दुसरं ताट पुढे ठेवलं तर तेही जेवायचा. त्याच्या नव्या आठवणीच टिकत नव्हत्या, तुमच्या बाईंच्या टिकतात. हा फरक कथेत सुटू देऊ नका.

जीव घेईल ते इन्सुलिन. साधं रेग्युलर इन्सुलिन जेवणाआधी सुमारे अर्धा तास घेतात आणि त्याचा जोर दोन ते चार तासांनी असतो. बाईंना टोचल्याचं आठवतं, पण ते आजचं की कालचं हे ठरत नाही. मग पुन्हा टोचतात. किंवा जेवल्याची कालची आठवण आजची धरतात आणि ताटावर बसतच नाहीत. साखर ७० च्या खाली घसरली की घाम, थरथर आणि गोंधळ. आता गंमत बघा: हा गोंधळ हुबेहूब कालभ्रंशासारखा दिसतो. घरचे म्हणणार, आज आजार जोरात आहे. ग्लुकोमीटर कुणी हातात घेत नाही.

उपायही मस्त अडकतो. शुद्धीवर असेल तर १५ ग्रॅम साखर, म्हणजे सपाट तीन चमचे, पाण्यातून द्यायची, १५ मिनिटं थांबून पुन्हा मोजायचं. एकट्या असल्या तर त्या पंधरा मिनिटं कशा थांबणार? बेशुद्ध झाल्यावर मात्र कुणाला तोंडात साखर कोंबताना दाखवू नका. ती श्वासनलिकेत जाते.

दुसरा धोका गॅस. चावी उघडली आणि लायटर मारल्याची आठवण सकाळची असली, तर बर्नर न पेटता गॅस वाहत राहतो. एलपीजी हवेपेक्षा जड, जमिनीलगत साचतो.

रानवारा
हे फारच उपयोगी आहे. पण मुलगी म्हणेल, सुई घेतली की कॅलेंडरवर फुली मार. मग प्रश्नच मिटला ना?

लहान_मेंदू
फुली आणि सुई या दोन कृती आहेत, त्यांचा क्रमही तुटणारच. फुली मारून सुई राहिली तर साखर चढेल, त्याला वेळ लागतो. सुई घेऊन फुली राहिली तर त्याच दिवशी डबल डोस. खरा तोडगा म्हणजे मुलीने एका वेळची एकच भरलेली सिरिंज बाहेर ठेवायची, बाकी कुलपात. सिरिंज रिकामी, म्हणजे डोस झाला. कथेत मुलगी गावाला जाईल ती रात्र शोधा.

मुद्रितशोधक
मांडणीबद्दल. लिहायच्या आधी तक्ता करा, पाच रकाने: खरी तारीख, बाईंच्या मनातली तारीख, त्या क्षणी त्यांना काय माहीत आहे, हातात काय आहे, अंगावर काय खूण आहे. मन कितीही उड्या मारो, शरीर सरळच चालतं. मंगळवारी भाजलेला हात पुढच्या सगळ्या प्रसंगांत भाजलेलाच हवा. अशा कथा बहुतेक इथेच फसतात.

'तीन वर्षांपूर्वी' असं लिहूच नका. गल्ल्यातून जुनी पाचशेची नोट निघाली आणि गिऱ्हाईक हसलं, की नोव्हेंबर २०१६ नंतरचा काळ आपोआप कळतो. वर्धा रोडवर डोक्यावरून मेट्रो गेली तर २०१९ किंवा पुढे. चंद्र मात्र तपासा. गणपती बसतात तेव्हा चतुर्थीची कोर असते आणि ती लवकर मावळते. टपोरा चंद्र हवा असेल तर अनंत चतुर्दशीला विसर्जनाच्या रात्री दाखवा.

आणि एक मला खटकतं: बाईंना पुढचं दिसतं का, हे आधी ठरवा. क्रमच गेला असेल तर अजून न घडलेलं कसं आठवेल? भविष्य आणलंत तर ती वेगळी कथा.

भटारखाना
लायटरचा प्रसंग घरगुती शेगडीचा झाला. खानावळीत १९ किलोचा व्यावसायिक सिलिंडर असतो, १४.२ चा घरगुती तिथे वापरायला परवानगी नाही. मोठ्या भट्टीला आधी पेटता काकडा बर्नरशी धरतात, मग चावी हळूहळू उघडतात. उलट केलं तर भडका थेट तोंडावर येतो. म्हणजे तुमच्या बाईंना गॅस तासभर वाहत ठेवायचीही गरज नाही, काकड्याआधी चावी, एवढंच पुरे. आणि वास आल्यावर मदतनीस एक्झॉस्टचं बटण दाबायला धावतो असं लिहू नका, ठिणगी तिथेच पडते. चालू-बंद कुठलंच बटण नको, सिलिंडरचा व्हॉल्व्ह बंद, दारं-खिडक्या सताड, आणि बाहेर येऊन १९०६ ला फोन.